तीन अंशांचा उतार, सेकंदाला पंचवीस दुरुस्त्या

नवी मुंबई विमानतळाची धावपट्टी ३,७०० मीटर लांब आणि ६० मीटर रुंद आहे. साठ मीटर ऐकायला भरपूर वाटतात. पण दहा किलोमीटरवरून पाहिलं तर ही रुंदी डोळ्यात जेमतेम एक तृतीयांश अंश भरते. पौर्णिमेचा चंद्र अर्ध्या अंशाचा असतो. म्हणजे चंद्रबिंबापेक्षाही अरुंद दिसणाऱ्या पट्टीवर साठ-पासष्ट टनांचं विमान ताशी २६० किलोमीटरच्या वेगाने आणून टेकवायचं. २५ डिसेंबर २०२५ च्या सकाळी बेंगळुरूहून आलेलं इंडिगोचं विमान इथे उतरलं आणि तेव्हापासून हे काम विमानतळाशेजारच्या कामोठ्याच्या दाराशी रोज चाललं आहे. खांदेश्वर किंवा मानसरोवर स्टेशनाच्या बाहेर उभं राहून पाहिलं की विमान अगदी सरळ रेषेत, कसलीही घाई नसल्यासारखं खाली येताना दिसतं.

ती सरळ रेषा खरी नाही. डोळ्यांना न दिसणाऱ्या हजारो चुका आणि तितक्याच दुरुस्त्या मिळून ती तयार होते. या दुरुस्त्यांचं शास्त्र म्हणजे नियंत्रणशास्त्र, अभियांत्रिकीच्या मुलांच्या तोंडी ‘कंट्रोल सिस्टीम्स’. विमान-अवकाशाच्या जगात आपण वेगाचे, उंचीचे, इंजिनाच्या ताकदीचे आकडे ऐकून थक्क होतो. मला मात्र सगळ्यात जास्त थक्क करतात ते उशिराचे आकडे. चूक होणं आणि ती सुधारणं यांच्यामध्ये किती वेळ जातो, यावर विमान हवेत राहणार की नाही हे ठरतं, आणि तो वेळ बहुतेक ठिकाणी पापणी लवण्याहूनही कमी असावा लागतो.

आधी कामोठ्याजवळचंच गणित करू. जगभरातल्या बहुतेक विमानतळांवर विमानं तीन अंशांच्या उतारावरून खाली येतात. तीन अंश म्हणजे दर शंभर मीटर पुढे गेल्यावर सव्वापाच मीटर खाली. या हिशेबाने धावपट्टीवर टेकायच्या जागेपासून दहा किलोमीटर दूर असलेलं विमान ५२४ मीटर उंचीवर असायला हवं, पाच किलोमीटरवर २६२ मीटर, आणि १.७ किलोमीटरवर ९० मीटर. विमानतळाच्या जागेवरची उलव्याची टेकडी साधारण ९० मीटर उंच होती. ती सुरुंग लावून जवळपास सपाट केली तेव्हा त्या स्फोटांचे हादरे या भागातल्या लोकांनी सोसले. या उताराकडे पाहिलं की ती का हलवावी लागली हे कळतं.

आता समजा दहा किलोमीटरवर असताना विमानाच्या मार्गात एक दशांश अंशाची चूक झाली आणि ती कोणी सुधारलीच नाही. ०.१ अंश. कंपासपेटीतल्या कोनमापकावर इतका बारीक भाग आखलेलाच नसतो. धावपट्टीशी पोचेपर्यंत ही चूक साडेसतरा मीटरची होते, म्हणजे साधारण सहा मजल्यांची. विमान साडेसतरा मीटर जास्त उंच असेल तर त्याच उतारावरून ते ठरलेल्या जागेच्या ३३० मीटर पुढे टेकेल. तितकंच खाली असेल तर ३३० मीटर अलीकडे टेकेल, आणि अलीकडे धावपट्टी असतेच असं नाही.

हे दहा किलोमीटर पार करायला विमानाला १३९ सेकंद लागतात. एवढ्या वेळात वारा बदलतो. खाडीवरची दमट हवा आणि तापलेल्या काँक्रीटवरची हवा सारखी नसते, त्यामुळे विमान उचललं जातं, दाबलं जातं. इंधन जळून वजन घटतं. चाकं बाहेर आली की हवेचा अडथळा वाढतो. अमेरिकेच्या स्पेस शटलचे संगणक आपल्या नियंत्रणाच्या आज्ञा सेकंदाला २५ वेळा नव्याने काढत. हाच दर धरला तर या १३९ सेकंदांत एकाच दिशेच्या दुरुस्त्या होतात ३,४७५. वर-खाली, डावी-उजवी आणि पंखांचा कल असे तीन अक्ष धरले की आकडा दहा हजारांच्या वर जातो. तेवढ्या वेळात प्रवाशाने फक्त सीटबेल्ट चाचपलेला असतो.

पण चूक झाली हे विमानाला कळतं कसं? इथे एक रचना आहे, ती मला अतिशय आवडते. धावपट्टीच्या बाजूला आयएलएस नावाच्या यंत्रणेचा अँटेना असतो. तो उताराच्या दिशेने रेडिओलहरी सोडतो आणि त्या लहरींवर दोन स्वर चढवलेले असतात, एक ९० हर्ट्झचा आणि एक १५० हर्ट्झचा. उताराच्या वरच्या बाजूला ९० चा स्वर जोरात असतो, खालच्या बाजूला १५० चा. बरोबर उतारावर दोन्ही सारखे. विमानातलं यंत्र फक्त या दोन स्वरांच्या जोराची वजाबाकी करतं. उत्तर शून्य आलं तर विमान मार्गावर आहे. शून्य आलं नाही तर चूक किती आणि कोणत्या बाजूला, हे त्या एका संख्येतच आलेलं असतं. डावी-उजवी बाजू सांभाळायला धावपट्टीच्या टोकाशी दुसरा अँटेना असतो, त्याचेही असेच दोन स्वर. उंची, अंतर, नकाशा यांतलं काहीही न विचारता ‘तू किती चुकला आहेस’ एवढंच सांगणारी ही यंत्रणा, आणि नियंत्रणशास्त्राचा सगळा डोलारा याच एका प्रश्नावर उभा आहे. मोजा, हव्या असलेल्या मापाशी ताडून पाहा, फरकाच्या उलट दिशेने ढकला, पुन्हा मोजा. याला फीडबॅक म्हणतात.

ही कल्पना विमानांहून जुनी आहे. जेम्स वॅटने १७८८ च्या सुमारास वाफेच्या इंजिनावर दोन गोळे फिरते ठेवून त्याचा वेग आपोआप सांभाळला. अशी काही यंत्रं, म्हणजे गव्हर्नर, वेग स्थिर करण्याऐवजी स्वतःच डोलायला का लागतात, याचं गणित जेम्स क्लार्क मॅक्सवेलने १८६८ मध्ये मांडलं. नियंत्रणशास्त्राचा पहिला मोठा शोधनिबंध म्हणून तोच ओळखला जातो.

राइट बंधूंचं १७ डिसेंबर १९०३ चं पहिलं उड्डाण बारा सेकंदांचं आणि ३७ मीटरांचं होतं, हे शाळेच्या पुस्तकात असतं. त्यांचं विमान मुळात अस्थिर होतं, हे पुस्तकात सहसा नसतं. ते एका पातळीवर टिकून राहत नसे, नाक सारखं वर-खाली करायचं आणि चालवणाऱ्याला क्षणोक्षणी सावरत राहावं लागायचं. त्या काळात इंजिनं बनवणारे पुष्कळ होते. हवेत गेल्यावर विमान ताब्यात कसं ठेवायचं, याचा विचार या दोघा भावांनी इतरांपेक्षा जास्त केला होता, आणि माझ्या मते त्यांचं खरं यश तेच.

त्यानंतर अकरा वर्षांनी, १८ जून १९१४ ला पॅरिसजवळ सीन नदीवर एक प्रात्यक्षिक झालं. लॉरेन्स स्पेरी हा एकवीस वर्षांचा अमेरिकन तरुण विमान चालवत होता. परीक्षकांच्या समोरून जाताना त्याने दोन्ही हात वर केले. पुढच्या फेरीत त्याचा मेकॅनिक एमिल काशां चालत्या विमानाच्या पंखावर उतरून बाहेरच्या बाजूला चालत गेला. एका पंखावर माणसाचं वजन पडलं तरी विमान कललं नाही. आत वेगाने फिरणारी चार भिंगरीवजा चाकं, म्हणजे जायरोस्कोप, कल मोजत होती आणि पंखांच्या फळ्या हलवून तो पुसत होती. पहिला ऑटोपायलट तो हाच.

चूक नुसती मोजून भागत नाही. ती किती, किती वेळापासून आणि किती वेगाने वाढते आहे, असे तीन प्रश्न विचारावे लागतात. निकोलस मिनोर्स्की या रशियात जन्मलेल्या अभियंत्याने अमेरिकी नौदलाच्या जहाजांवर सुकाणू धरणारे अनुभवी खलाशी काय करतात हे निरखलं आणि १९२२ मध्ये ते समीकरणात बांधलं. चांगला सुकाणूवाला जहाज किती भरकटलं एवढंच पाहत नाही. ते भरकटायचा वेग वाढला की तो आधीच सुकाणू उलट फिरवतो, आणि वाऱ्याने जहाज सतत एका बाजूला ओढलं जात असेल तर थोडं सुकाणू कायमचं दाबून धरतो. आज एसीपासून अग्निबाणापर्यंत वापरलं जाणारं पीआयडी नियंत्रण ते हेच.

आता उशिराकडे वळू. एक मीटर लांबीची काठी तळहातावर उभी तोलून पाहा, थोड्या सरावाने जमेल. मग अठरा सेंटिमीटरची पेन्सिल तशीच उभी तोलून पाहा. ती जमणार नाही, कितीही सराव केला तरी. कारण गणितात आहे. काठी कलायला लागली की तिचा कल दर ०.१८ सेकंदाला दुप्पट होतो. पेन्सिलीचा कल साधारण ०.०८ सेकंदात दुप्पट होतो. डोळ्यांनी पाहिल्यापासून हात हलेपर्यंत माणसाला साधारण ०.२ सेकंद लागतात. तेवढ्यात काठीचा कल दुपटीच्या थोडा वर जातो, तो सावरता येतो. पेन्सिलीचा सहापट झालेला असतो. हाताची ताकद दोन्ही वेळा सारखीच असते, माणूस कमी पडतो तो वेळेत.

तळाशी ज्योत आणि वर सगळं वजन असा उभा अग्निबाण हाच प्रश्न घेऊन उडतो. चांद्रयान-३ ला १४ जुलै २०२३ ला वर नेणारा एलव्हीएम-३ हा अग्निबाण साडेत्रेचाळीस मीटर उंच आणि ६४० टनांचा आहे. त्याला सरळ ठेवायला सुकाणू नसतं. बाजूच्या दोन बूस्टरांचे नोजल काही अंशांनी वळवून ज्योतीची दिशा बदलली जाते. हे बूस्टर बनवण्यात इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरच्या कारखान्याचा वाटा आहे, आणि नोजल वळवणाऱ्या यंत्रणेची टाकीही तिथेच बनली. मधल्या टप्प्यातली विकास इंजिनं विक्रोळीच्या गोदरेजमध्ये बनतात. उसाच्या पट्ट्यातून आणि मध्य रेल्वेच्या एका स्टेशनापासून चंद्राच्या वाटेवर काय काय गेलं, हे आपल्याकडे फार कमी लोकांना ठाऊक आहे, आणि याची मला खंत वाटते.

लढाऊ विमानांत तर अस्थिरता मुद्दाम ठेवली जाते. स्थिर विमान वळायला नाखूष असतं, अस्थिर विमान चटकन वळतं. आपलं तेजस असंच अस्थिर बांधलं आहे. संगणकाशिवाय कोणताही वैमानिक ते उडवू शकणार नाही. वैमानिकाच्या हातातली कांडी पंखांच्या फळ्यांना थेट जोडलेली नसते. ती संगणकाला इच्छा सांगते, आणि फळी किती अंश हलवायची ते संगणक ठरवतो.

अशा विमानातल्या चुकीची वाढ किती भयंकर असते ते एका गणिताने पाहा. समजा नाकाचा कल ०.२ सेकंदात दुप्पट होतो आहे. सुरुवातीची चूक अंशाचा हजारावा भाग, जी कोणालाही जाणवणार नाही. एका सेकंदात पाच दुपटी, म्हणजे ३२ पट. दोन सेकंदांत १,०२४ पट, चूक एक अंशाची. तीन सेकंदांत ३२,७६८ पट, चूक बत्तीस अंशांची, आणि त्या वेगात तेवढ्या कलाने विमानाचे तुकडे होतात. जाणवण्याच्या पलीकडच्या चुकीपासून विनाशापर्यंतचं अंतर तीन सेकंद. नासाच्या एक्स-२९ या उलट्या पंखांच्या प्रायोगिक विमानाचा संगणक म्हणून सेकंदाला चाळीस वेळा दुरुस्ती करत असे.

तेजससाठी ही नियंत्रणप्रणाली घडवायला १९९२ मध्ये बेंगळुरूत खास चमू उभा केला गेला. प्रणालीची चाचणी अमेरिकेत, उडता सिम्युलेटर बनवलेल्या विमानांवर घेतली जात होती. मे १९९८ मध्ये पोखरणला अणुचाचण्या झाल्या, निर्बंध आले आणि आपल्या अभियंत्यांना परत पाठवण्यात आलं. उरलेलं काम घरी पुरं झालं आणि ४ जानेवारी २००१ ला तेजस पहिल्यांदा उडालं. त्यात एकच हिशेब एकाच वेळी करणाऱ्या चार समांतर वाहिन्या असतात, एखादी वेगळं उत्तर देऊ लागली की बाकीच्या तिला बाजूला काढतात. १७ ऑक्टोबर २०२५ ला नाशिकजवळच्या ओझरच्या कारखान्यात बनलेलं पहिलं तेजस मार्क-१ए आकाशात गेलं. द्राक्षांच्या बागांवरून घिरट्या घालणारं ते विमान प्रत्येक क्षणी पडायच्या बेतात असतं आणि प्रत्येक क्षणी सावरलं जात असतं.

संगणक आला म्हणजे उशीर संपला असं नाही. ८ ऑगस्ट १९९३ ला स्टॉकहोममध्ये हजारो प्रेक्षकांसमोर स्वीडनचं ग्रिपेन विमान डोलू लागलं. वैमानिकाच्या कांडीच्या हालचाली इतक्या झपाट्याच्या होत्या की पंखांच्या फळ्या कमाल वेगाने हलूनही मागे पडल्या. दुरुस्ती पोचेपर्यंत चूक उलट बाजूला गेलेली, मग ती दुरुस्ती स्वतःच चुकीत भर घालणारी. काही सेकंदांत वैमानिकाला बाहेर उडी घ्यावी लागली. विमान शहरातल्या एका बेटावर कोसळलं आणि सुदैवाने कोणी दगावलं नाही. योग्य दुरुस्ती उशिरा केली की ती दुरुस्ती राहत नाही, हे मॅक्सवेलने कागदावर दाखवलं होतं, स्टॉकहोमने ते आकाशात पाहिलं.

प्रवासी विमानात मानक आणखी कडक असतं. नियंत्रणप्रणाली पूर्ण निकामी होऊन विमान गमावण्याची शक्यता दर उड्डाण-तासाला एक अब्जांशापेक्षा कमी असावी, असा दंडक आहे. एक अब्ज तास म्हणजे १ लाख १४ हजार वर्षं. एकच विमान अश्मयुगापासून आजपर्यंत एकदाही न उतरता उडत राहिलं असतं तर इतके तास भरले असते. पण जगात विमानं पुष्कळ आहेत. दहा हजार विमानं रोज दहा तास उडतात असं धरलं तर हाच अब्ज तासांचा कोटा सत्तावीस वर्षांत संपतो. म्हणून हा दंडक वाटतो तितका अतिरेकी नाही.

तो गाठायचा कसा? एअरबस ए-३२०, म्हणजे आपल्याकडे सर्वाधिक दिसणारं विमान, २२ फेब्रुवारी १९८७ ला पहिल्यांदा उडालं. डिजिटल संगणकांनी चालणारं ते पहिलं प्रवासी विमान. त्यात उड्डाण-नियंत्रणाचे सात संगणक असतात. त्यांतले दोन महत्त्वाचे गट वेगवेगळ्या कंपन्यांनी, वेगवेगळ्या प्रोसेसरवर बनवले, आणि प्रोग्रॅम लिहिणाऱ्या तुकड्याही वेगळ्या ठेवल्या. हेतू एवढाच की एका माणसाच्या डोक्यातली चूक दुसऱ्याच्या डोक्यात तशीच नसेल.

तरीही २८ नोव्हेंबर २०२५ ला एअरबसने जगातल्या सुमारे सहा हजार विमानांचं सॉफ्टवेअर तातडीने बदलायला सांगितलं. ३० ऑक्टोबरला अमेरिकेतल्या एका विमानाने उडता उडता अचानक नाक खाली टाकलं होतं, आणि सूर्याच्या तीव्र किरणोत्सर्गाने नियंत्रणाच्या संगणकातली माहिती बिघडू शकते असं तपासात पुढे आलं. भारतातली तीनशेहून जास्त विमानं त्यात होती. सूर्य पंधरा कोटी किलोमीटर दूर, आणि त्याच्याकडून आलेला कण संगणकाच्या स्मृतीतलं एक शून्य उलटवून एक करू शकतो. बहुतेक दुरुस्त्या दोन-तीन दिवसांत झाल्या. बोइंग ७३७ मॅक्सच्या बाबतीत इतकी तत्परता दाखवली गेली नाही. तिथे नाक खाली ढकलणारी प्रणाली एकाच सेन्सरवर विसंबून होती. ऑक्टोबर २०१८ मध्ये इंडोनेशियात आणि मार्च २०१९ मध्ये इथिओपियात तो सेन्सर चुकला. इंडोनेशियाच्या वैमानिकांनी वीसहून जास्त वेळा नाक वर ओढलं, प्रणालीने ते पुन्हा पुन्हा खाली ढकललं. दोन अपघातांत ३४६ माणसं गेली. फीडबॅकचा कणा म्हणजे मोजमाप. ते एकाच डोळ्यावर सोपवणं अक्षम्य होतं, आणि हा शब्द मी विचार करूनच वापरत आहे.

आपल्या अवकाश कार्यक्रमालाही पहिला मोठा फटका नियंत्रणानेच दिला. १० ऑगस्ट १९७९ ला श्रीहरिकोट्याहून एसएलव्ही-३ हा सतरा टनांचा अग्निबाण उडाला. पहिला टप्पा उत्तम चालला. दुसऱ्या टप्प्याला दिशा देणाऱ्या छोट्या यंत्रणेतलं नायट्रिक आम्ल एका झडपेतून आधीच गळून गेलं होतं. इंजिन पुरेपूर जळत होतं, दुरुस्ती करायला मात्र काही शिल्लक नव्हतं. ३१७ सेकंदांत सगळं संपलं आणि अग्निबाण बंगालच्या उपसागरात पडला. अकरा महिन्यांनी, १८ जुलै १९८० ला त्याच जातीचा दुसरा अग्निबाण ३५ किलोचा रोहिणी उपग्रह घेऊन कक्षेत पोचला. त्या वेळी तिरुवनंतपुरमच्या विक्रम साराभाई अवकाश केंद्राचे संचालक होते वसंत गोवारीकर, घन इंधनात आयुष्य घातलेले मराठी शास्त्रज्ञ. एका झडपेने सतरा टन बुडवले, हा धडा त्या पिढीने गिरवला आणि पुढच्या पिढीला दिला.

तो धडा कुठवर पोचला, ते २३ ऑगस्ट २०२३ च्या संध्याकाळी दिसलं. पावणेसहाच्या सुमारास चांद्रयान-३ चा विक्रम लँडर चंद्राच्या तीस किलोमीटर वर होता आणि त्याचा वेग सेकंदाला १.६८ किलोमीटर, म्हणजे ताशी सहा हजार किलोमीटर होता. कामोठ्याहून पुण्याला साधारण एका मिनिटात पोचवणारा वेग. वीसएक मिनिटांत तो सेकंदाला दोन मीटरच्या आत आणायचा होता. चंद्रावर हवा नाही, म्हणजे पॅराशूट नाही आणि पंखही नाहीत. फक्त चार इंजिनं आणि ती कुठल्या कोनात किती जाळायची हे ठरवणारं गणित.

बेंगळुरूच्या केंद्रात बसलेले शास्त्रज्ञ त्या वेळी पडद्याकडे बघत होते. ते काहीच करू शकत नव्हते. पृथ्वी-चंद्र अंतर ३ लाख ८४ हजार किलोमीटर. विक्रमची खबर इथे यायला १.२८ सेकंद आणि आज्ञा परत जायला तितकेच, एकूण २.५६ सेकंद. उतरण सुरू होतानाच्या वेगाने तेवढ्यात विक्रम ४.३ किलोमीटर पुढे गेलेला असतो. आणि त्याला उतरायला निवडलेला पट्टा होता ४ किलोमीटर लांब, २.४ किलोमीटर रुंद. प्रकाशाइतकी वेगवान आज्ञासुद्धा लक्ष्याच्या लांबीपेक्षा मोठी चूक घेऊन पोचली असती. म्हणून मोजणं, ताडणं, ढकलणं हे सगळं विक्रमने स्वतःच केलं. उंची लेसरने आणि रडारने मोजली, वेग मोजायला या वेळी नवा लेसर होता, आणि खडक-खड्डे ओळखायला कॅमेरे होते. यांतलं कुठलंच मोजमाप पूर्ण खरं नसतं. प्रत्येकावर किती विश्वास ठेवायचा हे सेकंदागणिक ठरवून त्यातून खऱ्याच्या जास्तीत जास्त जवळचा अंदाज काढायची रीत रुडॉल्फ काल्मनने १९६० मध्ये दिली. अपोलोच्या माणसांनी ती चंद्रापर्यंत नेली, तेही अशा संगणकावर ज्याची लिहिता-पुसता येणारी स्मृती फक्त २,०४८ शब्दांची होती.

आधीच्या खेपेला, ७ सप्टेंबर २०१९ च्या पहाटे, हेच काम अर्ध्यावर फसलं होतं. चंद्रापासून २.१ किलोमीटरवर संपर्क तुटला. जुलै २०२३ मध्ये इस्रोचे त्या वेळचे अध्यक्ष सोमनाथ यांनी याची कारणं सांगितली. इंजिनांनी अपेक्षेपेक्षा जास्त जोर दिला, चुका साठत गेल्या, त्या पुसायला यानाला झपाट्याने वळावं लागलं आणि वळण्याच्या वेगावर सॉफ्टवेअरने मर्यादा घातलेली होती. शिवाय उतरायची जागा फक्त पाचशे मीटर बाय पाचशे मीटर. ग्रिपेनसारखीच गोष्ट. दुरुस्ती बरोबर होती, ती वेळेत पोचू शकली नाही. चांद्रयान-३ मध्ये चूक होणारच असं धरून रचना केली, मोठी जागा, भक्कम पाय, जास्त इंधन, मोकळं वळण. सहा वाजून चार मिनिटांनी, पृथ्वीवरून निघताना सुमारे साडेसतराशे किलोचा असलेला विक्रम चंद्राच्या मातीवर टेकला.

बारकाईचं टोक पाहायचं असेल तर हबल दुर्बीण पाहा. ती एका ताऱ्याकडे ०.००७ विकलांच्या अचूकतेने नजर लावून ठेवते. एका अंशात ३,६०० विकला असतात. कामोठ्यात उभं राहून कोल्हापुरात ठेवलेल्या एक सेंटिमीटरच्या ठिपक्यावर नेम धरायचा आणि तासन्‌तास तो ढळू द्यायचा नाही, इतकी ही अचूकता. आणि हे पृथ्वीभोवती ताशी सत्तावीस हजार किलोमीटरने फिरताना.

कामोठे, खांदा कॉलनी, नवीन पनवेल इथल्या शाळा-महाविद्यालयांना माझी एक विनंती आहे. विमानं आता डोक्यावरून जाणारच आहेत. पुढच्या विज्ञान प्रदर्शनात ज्वालामुखीच्या आणि पवनचक्कीच्या प्रतिकृतींच्या शेजारी दोन चाकांवर स्वतः उभी राहणारी एक गाडी ठेवा. दोन छोट्या मोटारी, एक अर्डुइनो बोर्ड आणि एमपीयू-६०५० नावाचा सेन्सर हे मुख्य भाग लागतात, हे सगळं मुंबईत लॅमिंग्टन रोडवर मिळतं. सेन्सर दोनेकशे रुपयांच्या आसपास येतो. मिनोर्स्कीचे तीन प्रश्न प्रोग्रॅमच्या तीन ओळींत बसतात. मुलं आकडे बदलत राहतील, गाडी पडेल, डोलेल, पुन्हा पडेल आणि एका संध्याकाळी उभी राहील. नखाएवढी ती चिप आपण किती वेगाने फिरतो आहोत हे सेकंदाला आठ हजार वेळा मोजू शकते. सीन नदीवर एकवीस वर्षांच्या पोराला जे साधायला भारी चाकं फिरवावी लागली, ते आज आठवीतल्या मुलीच्या हातात देता येतं. ते देऊन टाका.